पोका-योके आणि कराओके
(रौप्यमहोत्सवी सोहळ्यातील भाषणाचा मजकूर)



"तुम्ही बँकेतले, सोसायटीच्या पंचवीस वर्षांच्या हिशोबावर बोला," असं सेक्रेटरी म्हणाले होते. हिशोब अहवालात छापलेला आहे, तो घरी जाऊन वाचा. मी बोलणार आहे ते आपल्या क्लबहाऊसमध्ये दर शनिवारी चालणाऱ्या कराओकेवर. काहींच्या कपाळावर आत्ताच आठी पडलेली इथून दिसतेय. त्यांच्यासाठीच बोलतोय.

आपल्या पट्ट्याला जपानी शब्द नवीन नाहीत. आकुर्डीला बजाजने कावासाकीबरोबर मोटारसायकली काढल्या, त्याला आता चाळीस वर्षं होत आली. चाकणला ब्रिजस्टोनचे टायर बनतात. कायझेन, फाइव्ह एस, पोका-योके हे शब्द आपल्याकडे जेवायच्या टेबलावरसुद्धा ऐकू येतात. आमच्या सूनबाईंनी फ्रिजवर फाइव्ह एसचा तक्ता लावलाय! पोका-योके म्हणजे कामगाराच्या हातून नजरचुकीनेही चूक होऊ नये अशी यंत्रातच केलेली सोय. कराओके नेमकं त्याच्या उलट आहे. माणसाने खुशाल चुकावं म्हणून केलेलं यंत्र. 'कारा' म्हणजे रिकामा आणि 'ओके' हे ऑर्केस्ट्राचं जपानी लघुरूप. वादक नसलेला ऑर्केस्ट्रा.

हे यंत्र लोकप्रिय करणारे दाइसुके इनोउए हे कोबे शहरातल्या बारमध्ये साथ करणारे वादक होते. (त्यांच्या आधी, १९६७ मध्ये, शिगेइची नेगिशी यांनी तसंच एक यंत्र केलं होतं, हेही सांगायला हवं.) इनोउए यांना नोटेशन नीट वाचता येत नसे. त्यामुळे ते कागदाकडे न बघता गाणाऱ्याच्या तोंडाकडे बघून वाजवायचे. तो घसरला की हेही त्याच्याबरोबर घसरायचे! बेताल गाणाऱ्या साहेबलोकांना असा साथीदार म्हणजे देवच. एका कंपनीच्या मालकांनी त्यांना सहलीला साथीला बोलावलं. यांना जमेना, म्हणून यांनी साथ टेपवर भरून दिली. त्यातून कल्पना निघाली. गाडीत असतो तसा टेप, अ‍ॅम्प्लिफायर, माइक आणि नाणं टाकायची पेटी एकत्र जोडून १९७१ साली त्यांनी अकरा यंत्रं बनवली आणि ती विकली नाहीत, भाड्याने दिली. बँकवाला म्हणून ही गोष्ट मला फार आवडते. पुढची मात्र आवडत नाही. त्यांनी पेटंटच घेतलं नाही! जगभर धंदा वाढला तो दुसऱ्यांचा. २००४ मध्ये त्यांना इग नोबेल हा गमतीचा पुरस्कार मिळाला, तोही शांततेचा. कारण काय, तर लोकांना एकमेकांना सहन करायला शिकण्याचा एक नवा मार्ग त्यांनी दिला.

हसू नका. सहन करणं हाच आपल्या सोसायटीतला चालू विषय आहे.

पण त्याआधी या यंत्राने काय नेलं तेही बघू. आमच्या तरुणपणी गणपतीत, कंपनीच्या स्नेहसंमेलनात ऑर्केस्ट्रा असायचा. पुण्याचा 'मेलडी मेकर्स' येणार म्हटलं की लोक लवकर जेवून जागा धरायचे. माझ्या शाखेत एक अ‍ॅकॉर्डियनवादक कर्जाला आले होते, सिंथेसायझर घ्यायचा म्हणून. शेवटचा हप्ता भरायला आले तेव्हा पेढे घेऊन आले. पुढे मोबाइलवर फुकट ट्रॅक मिळायला लागले आणि त्यांच्या तारखा कमी होत गेल्या. आता ते घरी बसून लोकांना हव्या त्या पट्टीत ट्रॅक बनवून देतात. पोट भरतं, पण समोर टाळ्या नाहीत, असं ते म्हणतात. पिंपरीच्या अत्रे रंगमंदिरात हौशी गायकांचे कराओके कार्यक्रम मी ऐकतो, तेव्हा मागच्या रिकाम्या खुर्च्यांवर मला ते गृहस्थ दिसतात. खर्च वाचला तो कुणाच्या तरी मानधनातून वाचला.

तरीही मी दर शनिवारी जातो. आपल्याकडचे एक सभासद पत्नी गेल्यावर आठ महिने लिफ्टने खाली उतरले नव्हते. आता येतात. एकच गाणं म्हणतात, तेच, दर वेळी दुसऱ्या कडव्याला ट्रॅक पुढे आणि ते मागे. बाकीचे वीसजण गप्प बसून ऐकतात. चार बायका आधी 'आम्हाला नाही बाई येत' म्हणायच्या, आता वहीत नंबर लावतात. ऑर्केस्ट्रात यांना कोण उभं करणार होतं? तिथे गाणारे वेगळे आणि ऐकणारे वेगळे. इथे पाळी असते. आपलं गाणं ऐकून घ्यायचं तर आधी दुसऱ्याचं ऐकावं लागतं. आपलं झालं की चपला घालून निघणारे दोघे-तिघे आहेत, त्यांची नावं घेत नाही.

आता तक्रार. ती खरी आहे. बी विंगच्या तळमजल्यावर आणि पहिल्या मजल्यावर आवाज घुमतो. कायद्याने रात्री दहा ते सकाळी सहा ध्वनिक्षेपक बंद, आणि निवासी भागात दिवसा ५५ डेसिबलची मर्यादा. आम्ही दुपारी चार ते सात गातो, म्हणजे दहाच्या नियमात बसतो, असं आमच्यातले काही छातीठोकपणे सांगतात. पण हा चाकणचा पट्टा आहे. आपल्या सतरा घरांत कुणी ना कुणी शिफ्टला आहे. ज्याची तिसरी पाळी आहे त्याची रात्र दुपारीच असते. एक तरुण मला जिन्यात म्हणाला, "काका, तुमचं गाणं चांगलं आहे हो, पण मला रात्री मशीनवर उभं राहायचंय." पॉवर प्रेसवर पेंगणाऱ्या माणसाला आपण ५५ डेसिबलचा नियम काय सांगणार?

जपान्यांनाही शेजारी होतेच. तिथे १९८०च्या दशकात ओकायामा भागात कुणीतरी मालवाहतुकीचा जुना कंटेनर शेताकडेला ठेवून त्यात गाण्याची खोली केली. दार लावलं की आवाज आत. त्यातून 'कराओके बॉक्स' देशभर पसरले आणि बारमध्ये न जाणारी मुलं, बायका, म्हातारी माणसं गायला लागली. ओकायामा आपल्याला परकं नाही. सिंहगड रस्त्यावरचं पु. ल. देशपांडे उद्यान पाहिलंय ना? ते ओकायामाच्या कोराकुएन बागेवरूनच केलंय. बाग आणली, तसा बॉक्सही आणू.

पंप रूमशेजारची जुनी ऑफिसची खोली रिकामी आहे. भिंतीला आणि छताला आवाज शोषणारे पॅनेल, जाड दार, एक एसी. एका वेळी बारा माणसं बसतील. मी तीन कोटेशनं मागवली आहेत. खर्च गाणाऱ्यांनी वर्गणीने करायचा, सिंकिंग फंडाला हात लावायचा नाही, आणि मेंटेनन्समध्येही एक रुपया वाढवायचा नाही. खोली तयार होईपर्यंत शनिवारी स्पीकर बंद ठेवून फक्त हार्मोनियम आणि टाळ्या. हे आमच्या गटातल्या सगळ्यांना मान्य नाही, मला माहीत आहे. वार्षिक सभेच्या विषयपत्रिकेत हा विषय सातवा आहे. बी विंगच्या शिफ्टवाल्यांना त्या दिवशी झोप मोडून यावं लागणार असेल, तर सभा त्यांच्या सुट्टीच्या दिवशी घ्यावी, अशी माझी अध्यक्षांना विनंती आहे.