रक्तातली वही

मी बी. ए. झालेला माणूस. रसायनशास्त्राशी माझी ओळख शाळेतच संपली होती. ती पुन्हा झाली एका तपासणीच्या कागदामुळे.

डॉक्टरांनी साखर तपासायला सांगितली, तेव्हा मी हुशारी केली. चार दिवस बिनसाखरेचा चहा घेतला, ईदच्या उरलेल्या शिरखुर्म्याला हात लावला नाही. तरी एचबीएवनसी आलं ८.४ टक्के! साडेसहापासून मधुमेह धरतात. डॉक्टर हसले. म्हणाले, ‘‘कविराज, ही तपासणी चार दिवसांचं विचारत नाही. दोन-तीन महिन्यांचा हिशेब काढते.’’

हा हिशेब लिहिला जातो कसा? रक्तातलं ग्लुकोज हिमोग्लोबिनच्या टोकाच्या अमिनो गटाला चिकटतं. ही जोडी आधी कच्ची असते, सुटू शकते. पण आतल्या अणूंची मांडणी बदलून तिचा अमिनो कीटोन झाला, की गाठ पक्की. या बदलाला इटलीच्या मारिओ अमादोरी यांचं नाव आहे. तांबडी पेशी सुमारे १२० दिवस जगते, तोवर ही गाठ तिच्यासोबत राहते. मधुमेहींच्या रक्तात असं हिमोग्लोबिन जास्त असतं, हे १९६८ मध्ये इराणच्या सॅम्युएल रहबर यांनी दाखवलं.

कागद घेऊन घरी आलो, तर बायको बिर्याणीसाठी कांदा तळत होती. घर दरवळत होतं. पुढे वाचताना कळलं, तो दरवळही याच घराण्यातला! कढईत साखर आणि अमिनो आम्लं भेटली, की हीच गाठ बसते. फ्रान्सच्या लुई मायार यांनी साखर आणि अमिनो आम्लांचं हे तपकिरी होणं १९१२ मध्ये मांडलं. आच लागली की छोटे अमिनो कीटोनही तयार होतात. ते स्वस्थ बसत नाहीत. दोन-दोन जुळतात आणि त्यांची पायराझिनं बनतात. भाजलेल्या शेंगदाण्याचा, कॉफीचा खमंग वास बराचसा त्यांचाच.

कढईत जे मिनिटांत होतं, ते अंगात महिनोन्‌महिने चालतं. डोळ्याच्या भिंगातली प्रथिनं तर जन्मभर बदलत नाहीत. तिथे ही गाठ पुढे सरकत भिंगाला पिवळसर-तपकिरी करते. हे वाचलं आणि मी घाबरलो. ज्या डोळ्यांनी कविता वाचायची, त्यांनाच मी कांद्यासारखा परतत होतो!

आता रोज सकाळी तासभर चालतो. बिर्याणी सुटलेली नाही, पण भात मोजून घेतो. मागच्या वेळी आकडा ६.९ होता. बायको म्हणाली, ‘‘चला, उधारी थोडी फिटली.’’