जन्म, जमीन आणि मत : शिकागोच्या कुक काउंटीचे दप्तर

(महसूल कर्मचारी, ग्रामपंचायत अधिकारी, शिक्षक व पंचायत सदस्य यांच्या अभ्यासवर्गात दिलेल्या व्याख्यानाचा मसुदा)



दप्तर हा आपल्या सर्वांच्या रोजच्या व्यवहारातला शब्द आहे. पेशवे दप्तरातील रुमालांपासून आजच्या संगणकीकृत सातबाऱ्यापर्यंत महाराष्ट्राच्या राज्यकारभाराचा इतिहास हा एका अर्थी दप्तराचाच इतिहास आहे. परंतु माणसाच्या जन्माची नोंद, त्याच्या जमिनीचा दस्त आणि त्याचे मत या तीनही गोष्टी एकाच छपराखाली, एकाच अधिकाऱ्याच्या हवाली असाव्यात, ही व्यवस्था आपल्या परिचयाची नाही. अमेरिकेतील अनेक काउंट्यांत ती आहे. आज त्यांपैकी एकीची, इलिनॉय राज्यातील कुक काउंटीची, माहिती आपल्यापुढे ठेवावयाची आहे. शिकागो शहर याच काउंटीत येते. २०२० च्या जनगणनेनुसार तिची लोकसंख्या बावन्न लाखांहून अधिक, म्हणजे आपल्या एखाद्या मोठ्या जिल्ह्याएवढी आहे.

काउंटी म्हणजे स्थूलमानाने आपला जिल्हा. अमेरिकेत तीन हजारांहून अधिक काउंट्या आहेत आणि प्रत्येक राज्याचा त्यांविषयीचा कायदा निराळा आहे. कुक काउंटीतील या कार्यालयाच्या प्रमुखास ‘काउंटी क्लार्क’ म्हणतात. या शब्दाने आपण फसू नये. हा क्लार्क म्हणजे टेबलामागचा कारकून नव्हे. दर चार वर्षांनी पक्षाच्या तिकिटावर मतदारांनी निवडून दिलेला तो पदाधिकारी असतो. योगायोग असा, की त्याचे कार्यालय शिकागोत क्लार्क याच नावाच्या रस्त्यावर आहे. रस्त्याचे नाव मात्र एका सेनानीवरून पडले आहे, कारकुनीशी त्याचा संबंध नाही.

जन्म, मृत्यू व विवाह यांचे दाखले देणे, विवाहाचा परवाना देणे, जमिनीचे व घरांचे दस्त नोंदवून घेणे, करवसुलीसाठी करांचे दर गणित करून ठरविणे आणि निवडणुका घेणे ही या कार्यालयाची मुख्य कामे आहेत. दस्तनोंदणीसाठी पूर्वी ‘रेकॉर्डर ऑफ डीड्स’ हे स्वतंत्र निर्वाचित पद होते. २०१६ च्या नोव्हेंबरात मतदारांनी कौल देऊन ते क्लार्कच्या कार्यालयात विलीन करण्यास मान्यता दिली आणि डिसेंबर २०२० मध्ये विलीनीकरण झाले. शिकागो शहराच्या हद्दीतील निवडणुका मात्र क्लार्ककडे नाहीत. शहराने १८८५ साली वेगळ्या निवडणूक मंडळाचा कायदा स्वीकारला व तेव्हापासून शहराचे मतदान ते मंडळ पाहते. उपनगरांतील पंधरा लाखांहून अधिक मतदार तेवढे क्लार्ककडे येतात.

या दप्तराचे मोल काय, हे शिकागोकरांना एका रात्रीत कळले. ८ ऑक्टोबर १८७१ च्या रविवारी रात्री शहरात आग लागली व ती १० तारखेच्या पहाटेपर्यंत धुमसत राहिली. सुमारे तीनशे माणसे दगावली, एक लाखाच्या आसपास लोक बेघर झाले. काउंटीचे न्यायालय व कचेरी असलेली इमारतही तीत सापडली. तिच्या मनोऱ्यातील घंटा मनोरा कोसळेपर्यंत धोक्याचा इशारा देत होती, असे नमूद आहे. इमारतीबरोबर जमिनीचे सारे दस्त, त्यांच्या सूच्या, जन्ममृत्यूच्या वह्या जळून गेल्या. जन्माच्या नोंदी त्यामुळेच तेथे १८७१ पासूनच्या मिळतात.

कल्पना करा, एका संपन्न शहरातील प्रत्येक भूखंड जागच्या जागी आहे, त्यावरील मालकही बहुतेक हयात आहेत, पण कोणता भूखंड कोणाचा, हे सांगणारा एकही सरकारी कागद उरलेला नाही. घर पुन्हा बांधण्यासाठी कर्ज हवे, कर्जासाठी तारण हवे, तारणासाठी मालकी सिद्ध व्हावयास हवी. ती कशाने सिद्ध करायची?

या संकटातून शहर वाचले ते खाजगी दप्तरांमुळे. जमिनीच्या व्यवहारांचे गोषवारे तयार करून विकणाऱ्या तीन पेढ्या शिकागोत होत्या. त्यांच्या माणसांनी आगीतून आपापल्या वह्या व सूच्या जमतील तेवढ्या बाहेर काढल्या. एकेकीचे दप्तर अपुरे होते, परंतु तिन्ही एकत्र ठेवल्यावर सलग मालिका जुळली. १८७२ साली राज्याने ‘जळालेल्या अभिलेखांचा कायदा’ केला. न्यायालयापुढे मालकी पुन्हा प्रस्थापित करण्याचा मार्ग त्याने खुला केला व या पेढ्यांचे गोषवारे पुरावा म्हणून ग्राह्य ठरविले. तिन्ही पेढ्या पुढे एकत्र आल्या आणि शिकागोतील मालमत्तेची हमी देणाऱ्या मोठ्या विमा व्यवसायाचा पाया त्यातून घातला गेला.

या हकिकतीचे कौतुक होते व ते रास्तही आहे. मला मात्र तिची दुसरी बाजू अधिक महत्त्वाची वाटते. लोकांचा अभिलेख लोकांच्या कचेरीत उरला नाही, तेव्हा त्याची किल्ली खाजगी हाती गेली. ज्याला आपली मालकी दाखवावयाची, त्याला पैसे मोजून त्या हाताकडेच जावे लागले. सरकारने मालकीची हमी स्वतः द्यावी या हेतूने इलिनॉयने १८९७ साली ‘टॉरेन्स’ पद्धतीचा कायदा केला व कुक काउंटीने ती पद्धत स्वीकारली. ती तेथे फारशी रुजली नाही आणि १९९० च्या दशकात गुंडाळण्यात आली.

आपल्याकडेही हा प्रश्न परका नाही. २१ जून २०१२ रोजी मंत्रालयास आग लागली, तेव्हा जळालेल्या नस्ती पुन्हा उभ्या करण्यासाठी इतर कार्यालयांतील प्रतींचा शोध घ्यावा लागला, हे आपल्यापैकी अनेकांना आठवत असेल. तालुक्याच्या अभिलेख कक्षात धूळ खात पडलेली दुसरी प्रत कधी कोणाच्या कामास येईल, याचा नेम नसतो.

दस्त नोंदविणे म्हणजे काय, याविषयी तेथेही गैरसमज आहेत, येथेही आहेत. कुक काउंटीचे कार्यालय दस्त स्वीकारते, त्यास क्रमांक व वेळ देते, सूचीत घालते आणि कोणासही पाहू देते. विकणाऱ्याची मालकी खरी आहे काय, याचा निवाडा ते करीत नाही. आपले दुय्यम निबंधक कार्यालयही दस्ताची नोंदणी करते, मालकीची हमी देत नाही. सातबाऱ्याचेही तेच. महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियम, १९६६ च्या कलम १५७ नुसार अधिकार अभिलेखातील नोंद विरुद्ध सिद्ध होईपर्यंत खरी धरली जाते. ‘विरुद्ध सिद्ध होईपर्यंत’ हे शब्द वाचताना आपण घाईने पुढे जातो, आणि कज्जेदलाली नेमकी तेथूनच सुरू होते.

दप्तरात सत्य असते तसे अन्यायही नोंदलेले असतात. शिकागोतील कित्येक वस्त्यांच्या दस्तांत ही मालमत्ता कृष्णवर्णीयांस विकू अगर भाड्याने देऊ नये, अशा अटी विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात घातल्या गेल्या आणि कार्यालयाने त्या रीतसर नोंदवून घेतल्या. अशाच एका अटीवरून शिकागोच्या हॅन्सबेरी कुटुंबाचा खटला १९४० साली अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला. १९४८ साली त्या न्यायालयाने सेंट लुईसच्या प्रकरणात अशा अटींची अंमलबजावणी न्यायालये करू शकत नाहीत, असा निर्णय दिला व १९६८ च्या कायद्याने घरांच्या व्यवहारातील असा भेदच बेकायदा ठरविला. कागदावर त्या अटी तशाच राहिल्या. २०२२ पासून इलिनॉयमध्ये मालकास दुरुस्तीचा दस्त नोंदवून ती अट काढून टाकता येते. मूळ पान मात्र फाडले जात नाही. आपल्याकडे फेरफारानंतर जुन्या नावास कंस होतो, नाव खोडून नाहीसे करीत नाहीत, त्यातलाच हा प्रकार. याच दस्त कार्यालयाच्या प्रमुखपदी १९८८ साली कॅरोल मोझली ब्राउन या कृष्णवर्णीय महिला निवडून आल्या. पुढे १९९२ साली त्या देशाच्या सिनेटवर गेल्या.

आता मताकडे वळू. मतदार यादी हाही अभिलेखच आहे, आणि त्यात नाव घालणाऱ्या हातात किती सत्ता असते, हे कळण्यासाठी शिकागो सोडून अमेरिकेच्या दक्षिणेस, अलाबामा राज्यातील सेल्मा गावी जावे लागेल. तेथील डॅलस काउंटीत मतदार नोंदणीचे काम निबंधक मंडळाकडे होते. १९६० च्या दशकाच्या आरंभी मताधिकाराच्या वयाचे सुमारे पंधरा हजार कृष्णवर्णीय त्या काउंटीत राहत होते. त्यांपैकी यादीत नाव असलेले जेमतेम शे-दीडशे होते. कायद्याने त्यांना मनाई नव्हती. कार्यालय महिन्यातून दोनच दिवस उघडे असे, अर्ज लांबलचक असे, अर्जदाराची परीक्षा होई आणि तो उत्तीर्ण की अनुत्तीर्ण, हे टेबलामागचा माणूस ठरवी. ७ ऑक्टोबर १९६३ रोजी तीनशेहून अधिक माणसे कचेरीच्या पायऱ्यांपासून दिवसभर रांगेत उभी राहिली. मोजक्याच लोकांना आत घेण्यात आले, आणि रांगेतल्यांना अन्नपाणी देऊ पाहणाऱ्यांना शेरीफच्या माणसांनी अडविले. याच गावातून १९६५ च्या मार्चमध्ये निघालेल्या मोर्चांनंतर ६ ऑगस्ट १९६५ रोजी मताधिकाराचा कायदा झाला व केंद्राचे अधिकारी अशा काउंट्यांत जाऊन नोंदणी करू लागले.

मित्रहो, मताधिकार नाकारण्यासाठी तेथे दरवेळी बंदूक लागली नाही. कार्यालयाची वेळ आणि अर्जाचा नमुना एवढे पुष्कळदा पुरेसे झाले. आपल्यातले जे शिक्षक मतदान केंद्रस्तरीय अधिकारी म्हणून उन्हातान्हात घरोघर फिरतात, त्यांची या कामाविषयीची तक्रार मला ठाऊक आहे व ती निराधार नाही. तरीही नोंदणीसाठी यंत्रणेने मतदाराच्या दारी जाणे आणि मतदाराने यंत्रणेच्या दारी तिष्ठणे, यांतील अंतर सेल्माच्या पायऱ्यांवरून स्पष्ट दिसते. अमेरिकेत नाव नोंदविण्याची जबाबदारी मुख्यतः मतदाराचीच आहे. इलिनॉयने अलीकडे ती सुलभ केली आहे. मतदानाच्या दिवशीही तेथे नोंदणी होते आणि २०१७ साली स्वयंचलित नोंदणीचा कायदाही झाला.

दक्षिणेतील या अनुभवातून आणखी एक नियम जन्मला. मतदारांविरुद्ध पक्षपात झाला काय, हे तपासावयाचे तर कागद शिल्लक हवेत. म्हणून १९६० च्या केंद्रीय कायद्याने संघराज्याच्या निवडणुकांचे सर्व कागद बावीस महिने जतन करण्याचे बंधन घातले. कुक काउंटीच्या क्लार्कसही ते लागू आहे.

उपनगरांतील मतदान केंद्रांवर क्लार्कच्या वतीने काम करणारे ‘न्यायाधीश’ हे सामान्य नागरिक असतात व दोन्ही मोठ्या पक्षांतून घेतले जातात, म्हणजे मतपत्रिकेवर एका पक्षाच्याच माणसाचा हात राहत नाही. माध्यमिक शाळांच्या वरच्या वर्गांतील विद्यार्थीही प्रशिक्षण घेऊन हे काम करू शकतात. नागरिकशास्त्राच्या शिक्षकांना ही गोष्ट रुचावी. मतदानानंतर राज्य निवडणूक मंडळ शेकडा पाच मतदान केंद्रे चिठ्ठ्या टाकल्याप्रमाणे निवडते आणि तेथील मतांची पुन्हा मोजणी करून यंत्राचे आकडे पडताळले जातात.

निवडणूक घेणारा अधिकारी स्वतःच पक्षाच्या तिकिटावर निवडून आलेला असावा, हे मात्र मला पटत नाही. आपल्याकडे भारत निवडणूक आयोग व स्थानिक संस्थांसाठी १९९४ पासूनचा राज्य निवडणूक आयोग यांना पक्षांपासून अलग ठेवले आहे, ते योग्यच आहे. निर्वाचित अधिकारी लोकांना उत्तरदायी असतो, असे तिकडील लोक सांगतात. त्यात तथ्य आहे, पण धोकाही आहे. २०१५ च्या जूनमध्ये सर्वोच्च न्यायालयाने समलिंगी विवाहास घटनात्मक मान्यता दिली, तेव्हा केंटकी राज्यातील रोवन काउंटीच्या क्लार्क किम डेव्हिस यांनी आपल्या धर्मश्रद्धेस अनुसरून विवाहाचे परवाने देणेच थांबविले. न्यायालयाचा आदेश न मानल्याबद्दल त्यांना सप्टेंबरात पाच दिवस तुरुंगात काढावे लागले, आणि परवाने त्यांच्या हाताखालच्या सहायकांनी दिले. निर्वाचित पदाधिकाऱ्यास वरिष्ठ काढून टाकू शकत नाही. २०१८ साली मतदारांनीच त्यांना पराभूत केले.

शेवटी एक उपयुक्त माहिती. आपल्या गावांतील पुष्कळ कुटुंबांची मुले-सुना आज शिकागोच्या परिसरात आहेत, त्यांची अपत्ये तेथे जन्मली आहेत. वंशावळीच्या अभ्यासासाठी जन्माची नोंद तेथे पंचाहत्तर वर्षांनंतर, विवाहाची पन्नास व मृत्यूची वीस वर्षांनंतर इतरांस पाहता येते. त्याआधी दाखला मिळतो तो संबंधितांनाच. असा जन्मदाखला येथील कार्यालयात सादर करावयाचा असेल, तर काउंटीची प्रमाणित प्रत घेऊन तीवर इलिनॉयच्या ‘सेक्रेटरी ऑफ स्टेट’चे अपोस्टील प्रमाणन करून आणण्यास सांगावे. भारत २००५ पासून या करारात असल्याने त्यानंतर दूतावासाचा आणखी शिक्का लागत नाही. दाखल्यातील नावाचे व आडनावाचे स्पेलिंग मात्र मुलाच्या पासपोर्टशी ताडून पाहावे आणि फरक असल्यास दुरुस्तीचा अर्ज इलिनॉय राज्याच्या सार्वजनिक आरोग्य विभागाकडे करावा.