दगडांचे फेर

शेतातले दगड वेचून बांधावर टाकणे आपल्या देवगाव फाट्याच्या परिसरात कुणाला नवे नाही. पण काही दगड असे असतात, की ते हलविले म्हणजे त्यांच्याबरोबर इतिहासही हलतो.

नागपूरहून काटोलकडे जाताना जुनापाणी लागते. तेथील माळावर दगडांचे सुमारे ३०० फेर आहेत. काळे धोंडे गोलाकार मांडलेले आणि आत माती-गोट्यांचा भराव. ही अडीच-तीन हजार वर्षांपूर्वीच्या लोकांनी आपल्या मृतांसाठी केलेली स्मारके होत. रिव्हेट-कार्नॅक यांनी १८७९ साली त्यांची माहिती छापली. पुढे १९७० नंतर डॉ. शां. भा. देव यांनी माहूरझरीला खोदकाम केले. तेथे लोखंडी हत्यारे, काळी-तांबडी मडकी, घोड्याची हाडे आणि त्याच्या तोंडावरचा तांब्याचा साजही निघाला. नैकुंडला तर लोखंड गाळण्याची भट्टीच सापडली.

या लोकांनी लिहून काही ठेवले नाही. कुठला धोंडा कुठे, कुठली वस्तू कुणाजवळ, एवढ्यावरूनच त्यांची ओळख पटते. म्हणून एक विनंती. माळावर असा फेर दिसला, तर गुरुजींनी तो मुलांकडून पावलांनी मोजून घ्यावा, कागदावर उतरवावा आणि पुरातत्त्व खात्याला कळवावे. उकरू मात्र नये. बांधाला दगड कुठलाही चालतो. पण हा फेर एकदा मोडला, की पुन्हा जसाच्या तसा मांडून देणारा कोणी नाही.