मानसोपचारतज्ज्ञ, नाना आणि बर्लिन

आज एका अभिनेत्याची देशातली आणि परदेशातली वाटचाल.

भोरला १९४७ साली जन्मलेले डॉ. मोहन आगाशे पेशाने मानसोपचारतज्ज्ञ. १९७२ साली 'घाशीराम कोतवाल' रंगमंचावर आलं आणि त्यातले नाना फडणवीस म्हणजे आगाशे, हे समीकरण पक्कं झालं. नाटकावरून वादळ उठलं, पण १९८० मध्ये तेच नाटक युरोपात गेलं. भाषा न कळणारे प्रेक्षकही रंगमंचावर माणसांनीच उभ्या केलेल्या हलत्या भिंतीकडे बघत राहिले.

सिनेमात बेनेगलांचा 'निशांत', सत्यजित राय यांचा 'सद्गती', आणि मीरा नायर यांचा 'मिसिसिपी मसाला'. परदेशी चित्रपटांतल्या भूमिका छोट्याच होत्या, हे खरं. माझ्या मते, परदेशातून त्यांनी आणलेली खरी कमाई वेगळीच: बर्लिनचं 'ग्रिप्स' थिएटर. तिथे मोठी माणसं मुलं होऊन मुलांचे प्रश्न मांडतात. परी नाही, राजकन्या नाही. घरातली भांडणं, शाळेतली दादागिरी. १९८६ पासून पुण्यात हे मराठीत रुजलं. जर्मनीने २००४ मध्ये त्यांना गोएथे पदक दिलं.

पुन्हा सिनेमाकडे येऊ. 'अस्तु' या चित्रपटात ते स्मृतिभ्रंश झालेले संस्कृत पंडित आहेत. रस्त्यावरच्या हत्तिणीमागे चालत सुटतात. चेहऱ्यावर लहान मुलाचं कुतूहल, डोळ्यांत ओळख नाही. डॉक्टरकी इथे कामी आली असणार! पुढे 'कासव'मध्ये भूमिका केली, निर्मितीतही वाटा उचलला. त्या चित्रपटाला सुवर्णकमळ मिळालं.