डोळ्यांनीं पाहिलें, तेवढ्यानें खरें ठरतें काय?

(एका खेड्यांतील प्राथमिक शिक्षकानें गांवच्या चावडीवर दिलेलें व्याख्यान)



मी कायदेपंडित नाहीं. पोरांना बाराखडी शिकविणारा मास्तर आहें. पण साक्षीचा विषय एकट्या वकिलांवर सोडून चालत नाहीं. कारण साक्षीच्या पिंजऱ्यांत उभे राहणारे आपणच, आणि चुकीच्या साक्षीनें आरोपीच्या पिंजऱ्यांत मरणारेहि बहुतकरून आपल्यांतलेच.

गेल्या वर्षीं मीं वर्गांत एक गंमत केली. गणित चालू असतां एक अनोळखी पाहुणा आंत आला आणि टेबलावरची घंटा उचलून चालता झाला. मीं लगेच मुलांना लिहावयास सांगितलें, ‘माणूस कसा होता?’ कोणी फेटा लिहिला, कोणी टोपी. पाहुणा तर बोडका होता! दुसऱ्या दिवशीं पुन्हां विचारलें, तों आपसांत बोलून निम्म्या वर्गानें त्याच्या डोक्यावर एकच लाल फेटा बांधला होता. सर्वांत छातीठोकपणें बोलणारा मुलगाच सर्वांत अधिक चुकला. एकहि पोर लबाड नव्हतें. डोळा पाहतो थोडें, बाकीचें मन भरतें. आतां भर दिवसा वर्गांत ही गत, तर अंधारी रात्र, मानेवर सुरी आणि घरांत आक्रोश, अशा वेळीं काय होत असेल?

विलायतेंत ॲडॉल्फ बेक नांवाच्या गृहस्थाला १८९६ सालीं एकामागून एक अनेक बायांनीं ‘हाच तो ठक’ म्हणून शपथेवर ओळखलें. सात वर्षांची शिक्षा झाली. १९०४ सालीं तो पुन्हां तसाच दोषी ठरला, आणि मग खरा ठक सांपडला! त्या बोभाट्यानंतर १९०७ सालीं तेथें फौजदारी अपिलाचें कोर्ट निघालें.

पण विलायतेस कशाला जावें? आपल्या नाशिक जिल्ह्यांत जून २००३ मध्यें पेरूच्या बागेंत राहणाऱ्या एका गरीब कुटुंबावर रात्रीं दरोडा पडला. पांच जीव गेले, अत्याचार झाले. एक बाई व तिचा मुलगा जखमी होऊन वांचले. पुढें भटक्या जमातीचे सहा मजूर धरले गेले आणि खटला मुख्यतः ह्या दोघांच्या साक्षीवर उभा राहिला. २००६ सालीं सहाहि जणांस फांशी ठोठावली. २००७ सालीं हायकोर्टानें तिघांची फांशी कायम केली व तिघांना जन्मठेप दिली. २००९ सालीं सुप्रीम कोर्टानें सहाहि जणांस पुन्हां फांशीच दिली!

आणि कागद काय सांगत होते? घटनेनंतर लगेच त्या बाईनें पोलिसांकडील सराईत गुन्हेगारांच्या फोटोंतून चार निराळीं माणसें ओळखलीं होतीं. तो जबाब सरकारपक्षानें कोर्टापुढें आणलाच नाहीं. अखेर ५ मार्च २०१९ रोजीं त्याच सुप्रीम कोर्टानें आपला निकाल फिरवून सहाहि जणांस निर्दोष सोडलें आणि प्रत्येकास पांच लाख रुपये देण्याचा हुकूम सरकारला केला. सोळा वर्षें गेलीं, तीं परत कोण देणार?

कोणी म्हणेल, ‘मास्तर, शंकेचा फायदा देत बसलों तर गुन्हेगार मोकाट सुटतील.’ बाबांनो, त्या बाईनें दाखविलेल्या चौघांना तर पोलिसांनीं धरलेंच नव्हतें! भलत्याला लटकविलें कीं खऱ्याचा शोध त्याच दिवशीं थांबतो. मेलेल्यांना न्याय तो कोठला?

शंका म्हणजे हवेंतली नव्हे. पुराव्यांतूनच जी उगवते आणि शहाण्या माणसाच्या मनांतून जात नाहीं, तीच शंका. १८७२ च्या पुराव्याच्या कायद्यानें साक्षीदारांची ठराविक संख्या मागितली नाहीं, आणि १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या नव्या कायद्यांतहि तेंच तत्त्व आहे. १९५७ सालीं सुप्रीम कोर्टानें साक्षीदारांचे तीन प्रकार सांगितले : पुरा भरंवशाचा, मुळींच भरंवशाचा नव्हे तो, आणि ह्या दोहोंमधला. पहिला एकटाहि पुरतो. मधल्याला मात्र दुसऱ्या पुराव्याचा टेकू पाहिजे. तेव्हां डोकीं मोजूं नका, साक्ष तोला.

तर माझें मागणें एवढेंच. उद्यां तुम्हांस साक्षीला बोलाविलें, तर पाहिलें तेवढेंच सांगा. चांदणें होतें कीं अंधार, अंतर किती, तोंड दिसलें कीं पाठ, तें सांगा. चावडीवर ऐकलेलें डोळ्यांच्या पदरीं बांधूं नका. कोणी एकच माणूस समोर उभा करून ‘हाच ना?’ म्हणून विचारलें, तर भिडेनें मान हालवूं नका. ‘मला नीट दिसलें नाहीं’ असें म्हणण्यांत कमीपणा नाहीं. आणि पालावरचा, तांड्यावरचा माणूस दिसला कीं ‘हाच चोर’ म्हणणारी जी जुनी खोड आपल्या मनांत आहे, ती आधीं उपटून टाका. डोळ्यांवर ती झांपड असेल, तर भर दुपारींहि दिसावयाचें नाहीं.