आठवण ठेवणारा धातु

लोखंडाला परिसाचा स्पर्श झाला कीं त्याचें सोनें होतें, ही कल्पना आपल्याकडे लहानथोर सर्वांच्या परिचयाची आहे. परीस हा दगड खरा. परंतु त्या कल्पनेच्या मुळाशीं जी इच्छा आहे ती धातूविषयींचीच. मनुष्याला हवें तें रूप धातूनें क्षणांत धारण करावें आणि त्यासाठीं कोणाला कष्ट पडूं नयेत, हीच ती इच्छा. काळ बदलला तरी ती मेली नाहीं. १९९१ सालीं निघालेल्या 'टर्मिनेटर २' या अमेरिकन बोलपटांत पाऱ्यासारख्या धातूचा एक यंत्रपुरुष दाखविला आहे. तो वाटेल त्या माणसाचें रूप घेतो, लोखंडी गजांमधून पलीकडे निघून जातो, हाताचें खड्ग करितो, आणि अखेर पोलादाच्या रसांत पडून नाश पावतो. असा धातु कोणत्याही खाणींत सांपडावयाचा नाहीं. परंतु गेलेलें रूप पुन्हां धारण करणारा एक धातु मात्र खरोखरीच आहे, आणि त्याची हकीकत कल्पित कथेहून कमी मनोरंजक नाहीं.

अमेरिकेंत मेरीलँड प्रांतीं नौदलाची एक शस्त्रास्त्र-प्रयोगशाळा होती. तेथें विल्यम ब्यूलर नांवाचे धातुशास्त्रज्ञ १९५९ च्या सुमारास क्षेपणास्त्राच्या टोंकासाठीं उष्णता व आघात सोसणारा मिश्रधातु शोधीत होते. निकेल व टायटेनियम यांचे परमाणु जवळजवळ समसमान घेऊन त्यांनीं कांहीं कांबी ओतल्या. निवालेली एक कांब त्यांनीं फरशीवर टाकून पाहिली, तों शिशाची पडावी तसा बद्द आवाज झाला. त्यांना वाटलें, कांबेला आंतून भेग गेली असावी. मग त्यांनीं ऊन असलेली दुसरी कांब टाकली. ती घंटेसारखी खणखणली! त्यांनीं तीच कांब पाण्याखालीं धरून थंड केली व पुन्हां टाकली. आतां तिचाही आवाज बद्द झाला. ऊन करतांच नाद परत आला. थोड्याशा उष्णतेनें घन धातूच्या अंतरंगांत कांहीं तरी मोठी उलथापालथ होत आहे, हें त्या आवाजानें सांगितलें. दुसऱ्या एखाद्यानें कांब सदोष म्हणून बाजूला सारली असती. ब्यूलर यांनीं तसें केलें नाहीं.

पुढें १९६१ सालीं प्रयोगशाळेच्या अधिकाऱ्यांची बैठक भरली असतां या मिश्रधातूची एक पट्टी सर्वांना दाखविण्यांत आली. वारंवार वांकविली तरी ती तुटत नाहीं, एवढेंच दाखवावयाचें होतें. म्हणून हार्मोनियमच्या भात्यासारख्या तिच्या घड्या घातलेल्या होत्या. पट्टी हातोहात फिरत डेव्हिड मझी या गृहस्थांकडे आली. त्यांनीं आपल्या चिलिमीचा लायटर पेटवून तिच्याखालीं धरला. पाहतां पाहतां त्या घड्या उलगडल्या व पट्टी सरळ झाली! निकेल, टायटेनियम व प्रयोगशाळेचें नांव यांचीं अक्षरें जुळवून या धातूला 'नायटिनॉल' असें नांव मिळालें. अशा वर्तनाची कांहींशी चाहूल १९३२ सालींच स्वीडनमधील आर्ने ओलँडर यांना सोनें व कॅडमियम यांच्या मिश्रणांत लागली होती.

हें घडतें कसें? शाळेंतील कवाइतीचा दाखला घ्यावा. मुलें रांगेंत उभीं आहेत. त्यांना एका बाजूला कलावयास सांगितलें, तर रांग तिरपी होते, परंतु कोणीही आपला शेजारी सोडीत नाहीं. शिटी वाजतांच सर्वजण पूर्ववत् ताठ होतात. साध्या तारेला जोरानें वांकविलें कीं तिचे परमाणु आपले शेजारी सोडून सरकतात. म्हणून ती वांकडीच राहते. नायटिनॉलचे परमाणु थंडींत नुसते कलतात, आणि उष्णता ही त्यांची शिटी होय. मात्र कोणतें रूप स्मरावयाचें, तें धातूला अगोदर शिकवावें लागतें. इष्ट आकारांत घट्ट धरून त्याला सुमारें ५०० अंश सेंटिग्रेडपर्यंत तापवावें, म्हणजे तें रूप ठसतें. या स्मृतीलाही मर्यादा आहे. शेंकडा आठांहून फार अधिक ताण दिला, तर धातु आपलें पूर्वरूप पुरतेपणीं परत घेऊं शकत नाहीं.

आज या गुणाचा सर्वांत मोठा उपयोग वैद्यकांत होतो. पायाची किंवा मानेची रक्तवाहिनी अरुंद झाली असतां नायटिनॉलची बारीक जाळीदार नळी दाबून एका सूक्ष्म नलिकेंत भरतात व आजाराच्या जागीं नेऊन सोडतात. बंधनांतून सुटून अंगाची ऊब लागली कीं ती शिकविल्याप्रमाणें फुलते आणि रक्ताला वाट मोकळी करून देते. वेडेवांकडे दांत हळूहळू रांगेंत आणणारी तार व वांकली तरी न मोडणारी चष्म्याची चौकट हींही याच धातूचीं कामें.

आणि हा धातु दुर्मिळ द्रव्यांचा तरी आहे काय? मुळींच नाहीं. टायटेनियम पृथ्वीच्या कवचांत विपुल आहे. रत्नागिरीच्या किनाऱ्यावरील काळ्या वाळूंत इल्मेनाइट नांवाचें जें खनिज आढळतें, त्यांतही तें असतें. कथेंतील परीस लाखांत एकाला लाभतो, आणि ज्याला लाभतो त्याची हांव वाढवितो. येथें मात्र ज्या जातीच्या वाळूवरून कोळ्यांचीं मुलें रोज धांवतात तिच्यांत मिळणारें द्रव्य, आगीची शिस्त आणि फरशीवर पडलेल्या कांबेच्या आवाजाकडे लक्ष देणारा एक कान, एवढ्यांतून कोणा वृद्धाच्या पायांत थांबलेलें रक्त पुन्हां वाहूं लागतें.