होमरला वाचा फुटली

इ. स. १३५४ च्या आरंभी इटालियन कवी पेट्रार्क याने निकोलस सिगेरोस या बायझंटाइन राजदूताला एक कृतज्ञतेचे पत्र लिहिले. सिगेरोसने त्याला होमरच्या काव्याचे मूळ ग्रीक हस्तलिखित भेट म्हणून पाठविले होते. पेट्रार्कने ते हृदयाशी धरले. परंतु होमर आपल्यापुढे मुका आहे, किंबहुना आपणच त्याच्यापुढे बहिरे आहोत, हे दुःखही त्याने त्या पत्रात लपविले नाही. अविन्यों येथे बार्लाम नावाच्या भिक्षूपाशी त्याने ग्रीकचे धडे घेण्यास प्रारंभ केला होता. पण १३४२ साली बार्लाम बिशप होऊन निघून गेला आणि ते अध्ययन अर्धवटच राहिले.

पेट्रार्क हा त्या काळच्या युरोपातील अग्रगण्य लॅटिन पंडित. त्याची ही अवस्था, तेथे इतरांची काय कथा! लॅटिनला मध्ययुगात आधार होता तो व्याकरणग्रंथांचा. चौथ्या शतकातील डोनॅटसचे प्रश्नोत्तररूप छोटे पुस्तक मठामठांतील मुले घोकीत असत. पुढे प्रिशियनचा विस्तृत ग्रंथ हाती येई. ग्रीकच्या वाट्याला पश्चिम युरोपात असे शिक्षण आले नाही. काही थोड्या विद्वानांनी ॲरिस्टॉटलचे ग्रंथ लॅटिनमध्ये आणले खरे. तथापि पोथ्यांची नक्कल करणारे लेखक ग्रीक शब्द आले की पुष्कळदा जागा कोरी सोडून पुढे जात.

बोकाचिओच्या खटपटीने १३६० साली लिओन्झिओ पिलातो फ्लॉरेन्सला ग्रीक शिकवू लागला. त्याने होमरचे शब्दाला शब्द ठेवून लॅटिन गद्यात भाषांतर केले. कथा कळली, पण काव्याचा रस त्यात उतरला नाही. आणि दोन वर्षांत पिलातोही फ्लॉरेन्स सोडून गेला.

खरा पालट झाला १३९७ साली. फ्लॉरेन्सचा विद्वान सचिव कोलुचिओ सालुताती याच्या निमंत्रणावरून कॉन्स्टँटिनोपलचा मॅन्युएल क्रिसोलोरस तेथे अध्यापक म्हणून आला. पेट्रार्कला जाऊन तेव्हा तेवीस वर्षे लोटली होती. लिओनार्दो ब्रूनी हा तरुण त्या वेळी कायद्याचे अध्ययन करीत होता. कायदा शिकविणारे केव्हाही भेटतील, ग्रीकचा गुरू पुन्हा लाभणार नाही, असा विचार करून तो क्रिसोलोरसकडे गेला. प्लेटो आणि ॲरिस्टॉटल यांच्या ग्रंथांची त्याची लॅटिन भाषांतरे पुढे प्रसिद्धीस आली.

क्रिसोलोरस फ्लॉरेन्सला तीनच वर्षे राहिला. मागे उरले ते त्याचे व्याकरण. ‘एरोतेमाता’ म्हणजे ‘प्रश्न’ हे त्याचे नाव. ग्रीक वैयाकरणांनी नामे चालविण्याचे ५६ प्रकार मानले होते. क्रिसोलोरसने ते १० वर आणले. संस्कृतची रूपावली पाठ केलेल्या मराठी विद्यार्थ्याला या एका सुधारणेचे मोल निराळे सांगावयास नको.

१४५३ साली कॉन्स्टँटिनोपल पडले आणि तेथील पंडितांनी ग्रीक विद्या इटलीत आणली, अशी समजूत रूढ आहे. ती अर्धीच खरी होय. ते पंडित येण्यापूर्वी अर्धे शतक इटलीत ग्रीकचे अध्यापन सुरू झाले होते. म्हणूनच त्यांना शिष्य मिळाले आणि त्यांच्या पोथ्यांना वाचक मिळाले.

मुद्रणाचा क्रमही हेच सांगतो. संपूर्ण ग्रीकमध्ये छापलेले, साल नोंदलेले पहिले पुस्तक म्हणजे मिलान येथे १४७६ साली निघालेले कॉन्स्टँटाइन लास्कारिस याचे व्याकरण. होमरचे काव्य त्यानंतर बारा वर्षांनी, १४८८ साली, फ्लॉरेन्सला छापले गेले. व्हेनिसच्या आल्डस मॅन्युशियसनेही १४९५ साली लास्कारिसचेच व्याकरण लॅटिन भाषांतरासह काढले आणि मग ॲरिस्टॉटलचे पाच खंड हाती घेतले. १५११ साली केंब्रिजला इरॅस्मस ग्रीक शिकवू लागला, तोही क्रिसोलोरसच्या पुस्तकावरून. आणि पाच वर्षांनी त्याने ‘नवा करार’ मूळ ग्रीकमध्ये प्रसिद्ध केला.

थोर ग्रंथांची स्मारके होतात. व्याकरणाची पुस्तके विद्यार्थ्यांच्या हातांतच झिजून जातात. परंतु प्राचीन भाषा प्रत्येक पिढीला नव्याने शिकावी लागते, आणि ते शिक्षण एका पिढीपुरते जरी खंडले, तरी कपाटातील पोथी पुढच्या पिढीला मुकी होते.